गभणेमामांची पाचवी चिठ्ठी

हा मजकूर लिहिण्याचे धाडस मी का करीत आहे, याचा खुलासा आधी करायला हवा आणि त्याबद्दल क्षमाही मागायला हवी. माझ्या हातून आजवर जे लिहिले गेले ते केवळ सभांचे इतिवृत्त. भंडाऱ्यातील एका संशोधन केंद्रात सव्वीस वर्षे मी नोंदी ठेवल्या, आणि ‘चर्चेअंती ठराव मंजूर करण्यात आला’ हे वाक्य इतक्या वेळा लिहिले, की या लेखाची पहिली ओळदेखील दोनदा ‘व्यक्तिचित्र लिहिण्याचे ठरविण्यात आले’ अशीच उतरली. निवृत्त झाल्यावर, एकसष्टाव्या वर्षी लेखनाला हात घालणाऱ्या बाईने निदान पाककृतीपासून सुरुवात करावी, असे माझ्या धाकट्या बहिणीचे मत आहे. ते चुकीचे आहे असे मला म्हणता येत नाही.

तरीही लिहिते, कारण केंद्राच्या दप्तरात गभणेमामांचा उल्लेख ‘सदस्य क्रमांक सात यांनी शंका उपस्थित केली’ एवढाच आहे, आणि तो मीच केलेला आहे. इतका मोठा माणूस इतक्या लहान वाक्यात मी कोंबला, ही रुखरुख मला स्वस्थ बसू देत नाही. गभणे हे त्यांचे खरे आडनाव नव्हे. पुढे येणारी काही गावेही मी बदलली आहेत. तसे केले नसते तर मामा रागावले असते, हे वाचकांना शेवटपर्यंत वाचल्यावर पटावे.

आमच्या भागात सिकलसेल हा रक्ताचा आजार नवा नाही. आई किंवा वडील यांपैकी एकाकडूनच ज्याला तो दोष मिळतो त्याला ‘वाहक’ म्हणतात. त्याला स्वतःला सहसा काही त्रास होत नाही. पण नवरा-बायको दोघेही वाहक असले तर मुलाला आजार होऊ शकतो, आणि तो आजार म्हणजे हाडे पिळवटून काढणारे दुखणे. आमचे केंद्र या आजाराच्या जनुकांचा अभ्यास करण्यासाठी गावोगावच्या लोकांकडून थोडे थोडे रक्त घेत असे आणि ते उणे ऐंशी अंशांच्या शीतकपाटांत वर्षानुवर्षे जपून ठेवीत असे. त्या साठ्याला आम्ही जैवपेढी म्हणत असू. तिथे ठेवलेले रक्त कोणाला चढवायचे नसते. त्यावर फक्त अभ्यास करायचा असतो. या कामावर देखरेख करणाऱ्या नैतिकता समितीत डॉक्टर नाही, वकील नाही, संशोधक नाही, असा एक साधा नागरिक असावा लागतो. असा माणूस शोधताना आम्ही एका निवृत्त मुख्याध्यापकांना विचारले. प्रत्येक सभेपूर्वी दोनशे पाने वाचावी लागतील हे कळताच त्यांना मुलाकडे नाशिकला जावे लागले. शेवटी आमच्या गाडीचा चालक म्हणाला, “आमच्या लाखांदूराकडचे गभणेमामा आना ना म्याडम. कोनाच्याबी घरी जा, त्यायले पानी मिळते.”

मामा धानाची शेती करीत. पण लोक त्यांना ओळखत ते सोयरिकी जुळवणारे म्हणून. तीन तालुक्यांतली घरे, त्या घरांतल्या मुली, त्या मुलींची आजोळे, आजोळांची भांडणे, हे सारे त्यांच्या डोक्यात होते. कोणतीही वही ते ठेवीत नसत. लग्न जुळले की मानाचा एक दुपट्टा घ्यायचा, त्यापलीकडे काही नाही. घरी अशा दुपट्ट्यांची अख्खी पेटी भरली होती. “मेल्यावर पांघरायले एक लागते,” ते म्हणत, “बाकीचे तुमी वाटून घ्या.”

पहिल्या सभेला ते एसटीने आले तेव्हा मी नियमाप्रमाणे त्यांच्यापुढे एक कागद ठेवला.

“हे काय होय जी?”

“गोपनीयतेचे वचनपत्र. सभेत जे कळेल ते बाहेर सांगणार नाही, असे वचन द्यायचे आहे.”

“अन् साक्षीले कोन?”

“साक्षीदार लागत नाही. आपली सही पुरेशी आहे.”

“सही तं मी एसटीच्या पासावरबी करतो,” मामा म्हणाले. “वचनाले साक्ष लागते.”

असे म्हणून त्यांनी पिशवीतून एक सबंध सुपारी काढली, कागदावर ठेवली, समितीतल्या प्रत्येकाच्या तोंडाकडे एकेकदा पाहिले आणि मग सही केली. आमचे अध्यक्ष निवृत्त न्यायाधीश होते. त्यांनी चष्मा काढून ती सुपारी न्याहाळली, चष्मा पुन्हा लावला आणि म्हणाले, “हरकत नाही. पुढील विषय.” ती सुपारी इतिवृत्तात कशी नोंदवावी हे मला सुचले नाही. मी ती एका छोट्या पाकिटात घालून त्या वचनपत्राला टाचली.

त्यांच्या पिशवीत आणखी एक वस्तू नेहमी असे: खर्ऱ्याची पुडी. आमच्याकडे खर्रा म्हणजे काय हे सांगावे लागत नाही. बाहेरच्यांसाठी म्हणून लिहिते की सुपारी, तंबाखू आणि चुना प्लास्टिकच्या तुकड्यात घोटून करतात तो. सभेत मामा ती पुडी न उघडता टेबलावर समोर ठेवून देत, घड्याळ काढून ठेवावे तशी. डॉक्टर सबनीस, जे या प्रकल्पाचे प्रमुख होते आणि पुण्याहून आले होते, त्यांना ते अजिबात आवडत नसे. “मामा, इथे आपण आरोग्यावर चर्चा करतो आहोत.”

“म्हनून तं खाऊन नाई रायलो,” मामा म्हणत.

मात्र एखाद्या विषयावर ते पुडी उचलून बाहेर गेले, की आम्ही समजून जात असू: या विषयाचे आता काही खरे नाही. मामा विचार करायला गेले आहेत.

नव्या माणसाला ते तीनच प्रश्न विचारीत. कोण्या गावचे? मामकूळ कोणते? घरी थोरले कोण? तेवढ्यात माणूस त्यांच्या डोक्यातल्या नकाशावर आपल्या जागी जाऊन बसे. डॉक्टर सबनीसांनी पहिल्या प्रश्नाला “पुण्याचा” असे उत्तर दिले तेव्हा मामांनी समजुतीने मान हलवली. “पुन्यात तं सारेच रायतात जी. गाव कोनतं?” डॉक्टरांना आपल्या पणजोबांचे गाव आठवायला दोन सभा लागल्या.

आमचे संमतीपत्र, म्हणजे रक्त देणाऱ्याने सही करायचा कागद, सात पानांचा होता. तो मी मोठ्या अभिमानाने तयार केला होता. मामांनी तो वाचला नाही. मला मोठ्याने वाचायला लावला. “डोळ्यानं वाचलं तं वाटते समजलं. कानानं आयकलं का मालूम पडते.” मी वाचू लागले. ‘आपला नमुना अनिश्चित काळासाठी जतन करण्यात येईल’ या वाक्याशी त्यांनी हात वर केला.

“म्हनजे मी मेल्यावरबी माहं रक्त इथंच?”

“होय.”

“मंग तसं लिवा ना. ‘तुमी मेल्यावरबी तुमचं रक्त आमच्याजवळ रायल.’”

“लोक घाबरतील, मामा,” डॉक्टर म्हणाले.

“मराले कोनी नाई भेत डॉक्टरसाहेब. मराच हाय हे साऱ्यायले मालूम हाय. लोक भेतात ते असं गोल गोल बोलन्याले.”

दुसरे वाक्य होते संमती मागे घेण्याच्या अधिकाराचे. ते सहाव्या पानावर, तळाशी, बारीक अक्षरात होते. मामांनी ते पहिल्या पानावर आणवले. सोयरीक करताना, ते म्हणाले, मी दोन्ही घरांत आधी सांगतो की साक्षगंधाच्या, म्हणजे साखरपुड्याच्या, आदल्या दिवसापर्यंत नाही म्हणता येते, कोणी तोंड वाकडे करणार नाही. असे सांगितले की माणूस मनापासून हो म्हणतो. दाराला आतून कडी आहे हे दिसल्याशिवाय पाहुणा नीट झोपत नाही.

सात पानांचे संमतीपत्र अडीच पानांचे झाले. माझ्या अभिमानाचे काय झाले ते इथे महत्त्वाचे नाही.

शीतकपाटे पाहायला नेले तेव्हाही त्यांनी यंत्रांचे कौतुक केले नाही. “लाईन गेली तं?” हा पहिला प्रश्न. जनित्र दाखवले. “डिझेल संपलं तं?” दुसरा प्रश्न. आणि तिसरा, “नावाच्या वहीची चाबी कोनाजवळ?”

नळ्यांवर नावे नसत, फक्त सांकेतिक क्रमांक. कोणता क्रमांक कोणाचा, हे सांगणारी एकच वही होती, आणि ती माझ्या कपाटात कुलुपात असे. चावी माझ्याजवळ, असे मी सांगितले.

“एकच?”

“एकच.”

मामांनी खर्ऱ्याची पुडी काढली. ती घेऊन ते बाहेर गेले. परत आल्यावर ते म्हणाले, “आमच्या गावात लग्नाच्या भांड्यायची खोली हाय. गंज, पराती, झारे, सारं समाजाचं. त्या खोलीले दोन कुलपं हायत अन् दोन चाब्या दोघांजवळ. अन् ते दोघं कसे पायजेत? एकमेकाशी न बोलनारे. बोलनारे असले तं एका दिवशी दोघं मिळून परात नेतात.”

त्यांनी केंद्रात चौकशी केली असावी, कारण दुसरी चावी कोणाला द्यावी याबद्दल त्यांची शिफारस तयार होती: आमचे भांडारपाल रहांगडाले. एका टेबलफॅनवरून माझे त्यांच्याशी चार वर्षे बोलणे नव्हते. ठराव मंजूर झाला. त्यानंतर वही काढायची म्हणजे आम्हा दोघांना एकाच वेळी कपाटापुढे उभे राहावे लागे. आणि गंमत अशी की त्यामुळे आम्ही हळूहळू बोलू लागलो. हे मामांना कळले तेव्हा ते गंभीर झाले. “मंग चाबी बदला.” ते विनोद करीत नव्हते, पण केंद्रात माझ्याशी न बोलणारा दुसरा कोणी उरला नव्हता.

इतका सावध माणूस या कामात आला कशासाठी, हे मला एकदा बसस्थानकावर कळले. लाखांदूरची गाडी उशिरा होती. मामा म्हणाले की फार वर्षांपूर्वी त्यांनी एक सोयरीक जुळवली होती. पत्रिका पाहिल्या, शेती पाहिली, घरावरची कौलेसुद्धा पाहिली. “रक्त कोन पाहे तवा?” त्या जोडप्याचा मुलगा थंडी पडली की रात्रंदिवस रडे. अकराव्या वर्षी तो वारला. “त्या घरी मले अजूनबी पानी देतात,” मामा म्हणाले. “तेच पिववत नाई.” एवढे बोलून ते गाडी आली का पाहायला उठले. गाडी आली नव्हती.

म्हणजे कळायला हवे होते ते न कळल्याने काय होते, हे त्यांना माहीत होते. आणि कळू नये त्यांना ते कळले तर काय होते, हेही त्यांना तितकेच माहीत होते. एकदा वधू-वर मेळाव्याचे एक आयोजक केंद्रात आले. भला माणूस, हेतू चांगला. त्यांना वाहकांची यादी हवी होती, म्हणजे मेळाव्यात त्यांना आधीच वेगळे बसवता आले असते. मामा तिथेच चहा पीत बसले होते.

“मामा, तुमीच सांगा यायले. यादी भेटली तं किती घरं वाचतीन!”

“देऊ ना,” मामा म्हणाले. “पयलं नाव तुह्या पोरीचं लिवू का?”

“माह्या पोरीचं काहून?”

“यादीले कोनतं ना कोनतं नाव पयलं लागतेच बाप्पा.”

त्या गृहस्थांनी चहा संपवला आणि विषय धानाच्या भावावर नेला. ते गेल्यावर मामा मला म्हणाले, “पोराच्या रक्तात निंघालं तं लोक म्हनतीन दवाई करू. पोरीच्या रक्तात निंघालं तं म्हनतीन दुसरी पाहू. यादी फक्त पोरीलेच डसते म्याडम.”

आता माझ्या चुकीविषयी सांगते.

एका मोठ्या शहरातील संस्थेला आमची माहिती अभ्यासासाठी हवी होती. रक्त जाणार नव्हते, केवळ तक्ता जाणार होता, आणि त्याला समितीची मान्यता लागत होती. तक्ता मी तयार केला. नावे काढली, आडनावे काढली, घर क्रमांक काढले. राहिले ते अभ्यासाला आवश्यक: वय, स्त्री की पुरुष, भावंडे किती, वडिलांचे मूळ गाव, आईचे माहेर, आणि शेवटच्या रकान्यात चाचणीचा निकाल. आनुवंशिकतेच्या अभ्यासाला दोन्हीकडची गावे लागतात, असे डॉक्टरांचे म्हणणे होते आणि ते योग्यच होते. नमुना म्हणून पहिल्या पाच ओळी छापून मी सभेत वाटल्या. खऱ्या ओळी वाटायला नको होत्या. खोट्या, बनवलेल्या ओळी चालल्या असत्या. हे मला आज कळते.

“यात कोणाचेही नाव नाही,” मी सांगितले.

मामांनी कागद दूर धरला, जवळ धरला. एका ओळीवर बोट ठेवून त्यांनी डोळे मिटले, जसे ते एखाद्या मुलीचे आजोळ आठवताना मिटत. मग म्हणाले, “म्याडम, पाच चिठ्ठ्या द्या. कोऱ्या.”

त्यांनी प्रत्येक चिठ्ठीवर ओळीचा क्रमांक घातला, काही लिहिले, घडी घातली आणि पाचही माझ्या हातात दिल्या. “मी तोंडानं नाई सांगत. तुमी अन् रहांगडालेसाहेब आत जा, वही पाहा, अन् या. नावं बोलाची नाईत. किती बरोबर, तेवढंच सांगा.”

आम्ही दोघे आत गेलो. दोन कुलुपे उघडली. पहिली चिठ्ठी: बरोबर. दुसरी: बरोबर. तिसरी आणि चौथीही. रहांगडाले कपाळाचा घाम पुसू लागले. पाचवी उघडली तर तीत केवळ ‘५’ हा आकडा होता. बाकी कोरी.

चार बरोबर, असे मी सभेत सांगितले तेव्हा डॉक्टर सबनीस खुर्चीत मागे टेकले. “हे कसं शक्य आहे?”

“बाप या गावचा, माय त्या गावची,” मामा म्हणाले. “डॉक्टरसाहेब, या गावातून त्या गावात पोरगी देल्ली कोनं? चारातल्या तीन सोयरिका मीच जुळवल्या. तुमी नाव पुसलं, पन घराचा रस्ता तसाच ठेवला.”

“आणि पाचवी?” अध्यक्षांनी विचारले.

“पाचवी नाई ओळखू आली जी.” मामांनी पुडी उचलली आणि बाहेर गेले. त्या दिवशी ते नेहमीपेक्षा बराच वेळ बाहेर होते.

परत येऊन त्यांनी दोन गोष्टी मागितल्या. गावांऐवजी फक्त तालुका लिहावा, ही पहिली. आणि दुसरी, जिच्यावर डॉक्टर व ते तासभर भांडले: तक्ता कुठेही जाण्याआधी ज्याचे रक्त त्याला त्याचा निकाल, एकट्याला, नर्सबाईंच्या तोंडून मिळावा. “दूरच्या शहराले मालूम, तुमाले मालूम, अन् जिच्या आंगातलं हाय तिलेच नाई मालूम? हे कायले?” डॉक्टर म्हणाले की याला सहा महिने लागतील, आणि संस्था तोवर थांबणार नाही. मामा म्हणाले, नवरदेवही थांबतात. दोन्ही गोष्टी मंजूर झाल्या. इतिवृत्तात मी लिहिले: ‘सदस्य क्रमांक सात यांनी शंका उपस्थित केली.’

त्यानंतर मामांच्या वागण्यात एक बदल झाला, आणि तो मला चालकाकडून कळला. मामांनी आपल्या सोयरिकींसाठी नवा नियम काढला होता. साक्षगंधाआधी मुलाने आणि मुलीने सरकारी दवाखान्यात रक्त तपासायचे. निकालाचा बंद लिफाफा ज्याचा त्याने आणायचा. पाहुणे पोहे खात असताना दोघांनी आतल्या खोलीत बसून लिफाफे एकमेकांसमोर उघडायचे, आणि बाहेर येऊन फक्त हो किंवा नाही म्हणायचे. का, हे कोणी विचारायचे नाही. मामांनीसुद्धा नाही.

पहिली पाळी त्यांनी स्वतःच्या नातीची आणली. सून आठ दिवस त्यांच्याशी बोलली नाही. लोक हसले. “मामा डॉक्टरायच्या पंगतीत बसून बिघडले,” असे लाखनीपर्यंत पसरले, आणि त्यांना ‘लिफाफेवाले मामा’ हे नाव पडले. दोन घरांनी तर दुसरा मध्यस्थ पाहिला. पन्नास वर्षांत असे कधी घडले नव्हते. चालक सांगत होता की मामा त्या दिवसांत बांधावर एकटेच बसून राहत. मी एकदा विचारले, सर्वांनाच कशाला, मामा? ज्यांच्या घरी आजार आहे अशांनाच सांगितले तर? त्यांनी माझ्याकडे असे पाहिले, जणू मी काही अडाण्यासारखे बोलले होते. “एकाच घरचा दिवा इझवला तं साऱ्या गावाले दिसते. साऱ्यायनं इझवला तं म्हनतात लाईन गेली.”

तेव्हा मला त्याचा अर्थ कळला नाही.

धानाची कापणी झाल्यावर त्यांचा निरोप आला: “म्याडम, एका पोरगी पाहन्याच्या कार्यक्रमाले या. तर्री-पोहे हायत.” अशा समारंभांना जायला मी सहसा कचरते, पण मामांना नाही म्हणणे जमले नाही. मुलीचे घर जवाहरनगरला, कारखान्याच्या एका क्वार्टरमध्ये होते असे समजा. मुलगा लाखनीचा, तेही समजाच. मुलीचे वडील कारखान्याच्या बसमधून उतरून थेट पाहुण्यांत आले होते, आणि त्यांना हात धुवायलाही कोणी सवड देत नव्हते. मुलीने ट्रे आणला. कोणीतरी तिला नावाने हाक मारली.

ते थोडे वेगळेच नाव मी त्या दिवशी चिठ्ठ्या तपासताना वहीत वाचले होते. पाचव्या ओळीसमोर. आणि त्या ओळीच्या शेवटच्या रकान्यात ‘वाहक’ असे होते.

माझ्या हातातली प्लेट मी खाली ठेवली. बाकीच्या चार जणांची लग्ने होऊन गेली होती. त्यांची नावे कोणाला कळून बिघडण्यासारखे फारसे उरले नव्हते. पाचवी मुलगी लग्नाची होती, आणि तिची सोयरीक त्या वेळी मामांच्याच हातात होती. मामांनी ‘ओळखू आली नाही’ असे सभेत सांगितलेली एकमेव ओळ हिची होती. मी मामांकडे पाहिले. मामा पोह्यांवरच्या झणझणीत तर्रीत लिंबू पिळत होते.

दोघे आत गेले. मामांनी प्लास्टिकची खुर्ची उचलून त्या खोलीच्या दारात ठेवली आणि दाराकडे पाठ करून बसले. थोड्या वेळाने मुलाची आत्या पाण्याचे दोन पेले घेऊन आली.

“मामा, सरका जरासे. पोरायले पानी देतो.”

“तहान लागली तं पोरं मागतीन.”

“अवो, पन इतका वेळ काय बोलून रायले?”

“पोहे निवून रायले तुमचे, बाई.”

आत्याबाई परत गेल्या. पुन्हा आल्या, या वेळी खोबरे घेऊन. मामांनी खोबरे घेतले आणि स्वतः खाल्ले. खोलीत तेवढ्यात दोनदा हसणे ऐकू आले, एकदा बराच वेळ काहीच ऐकू आले नाही. टेबलावर नव्हे, आज पुडी त्यांच्या मुठीत होती.

मग दार उघडले. मुलगी पुढे, मुलगा मागे. मुलाच्या हातात पोह्यांची प्लेट होती, आणि दोन्ही निकालांचे कागद बारीक फाडून त्या तर्रीत असे कालवले होते की कोणाचे अक्षर कोणते, हे ब्रह्मदेवालाही सांगता आले नसते. नोंदी नष्ट करण्याची इतकी निर्दोष रीत आमच्या कार्यपुस्तिकेत नव्हती.

“आमचं जमते,” मुलगी म्हणाली.

मामा उठले, खुर्ची जागच्या जागी नेऊन ठेवली आणि मुलीच्या वडिलांना म्हणाले, “आता तरी हात धुवा, बाप्पा.”

मुलाच्या कागदावर काय होते, हे मला माहीत नाही. मामांनाही अखेरपर्यंत माहीत नव्हते, आणि तशीच व्यवस्था त्यांनी केली होती.

हा लेख लिहिण्यापूर्वी मी त्या मुलीची लेखी संमती घेतली. ती आता एका गोड पोराची आई आहे. संमतीपत्र अर्ध्या पानाचे होते आणि मागे घेण्याचा अधिकार पहिल्याच ओळीत. तिने मजकूर वाचला, दोन वाक्ये खोडली आणि म्हणाली, “मामाले मालूम होतं, हे मले तवाच वाटलं होतं. नाई तं एका माह्यासाठी साऱ्या गावाले सुई टोचली नसती.”

मामांना मी शेवटचे पाहिले ते भंडाऱ्याच्या बसस्थानकावर. समितीतली त्यांची मुदत संपली होती. निरोपाला केंद्राने शाल दिली. ती त्यांनी घडीसकट पिशवीत घातली, दुपट्ट्यांच्या पेटीसाठी. लाखांदूरची गाडी लागली. ते खिडकीशी बसले. खाली उभी राहून, इतक्या दिवसांचे धैर्य गोळा करून, मी विचारले, “मामा, ती पाचवी चिठ्ठी...”

“कोनती चिठ्ठी जी?”

त्यांचा चेहरा इतका निर्मळ होता की क्षणभर मलाच शंका आली. मग शेजारी एक तरुण येऊन बसला आणि मामा त्याच्याकडे वळले. गाडी सुरू झाल्याने आवाज आला नाही, पण ओठ वाचता आले: कोण्या गावचे? गाडी वळणावर जाईपर्यंत दुसरा प्रश्नही झाला असावा.

पुढच्या उन्हाळ्यात ते गेले. त्यांच्या अंगावर कोणता दुपट्टा घातला हे मला ठाऊक नाही. त्यांची खूण म्हणून एवढेच उरले आहे की केंद्रातल्या त्या नस्तीत, वचनपत्राला टाचलेल्या पाकिटात, एक सबंध सुपारी आहे. मी मात्र अजून त्या सभेतच अडकले आहे. एका बाजूला थंडीत रडणारा तो अकरा वर्षांचा मुलगा, दुसऱ्या बाजूला लग्नाची मुलगी, आणि हातात एक कोरी चिठ्ठी. मामांनी नाव लिहिले नाही. त्यांच्या जागी तुम्ही असता, तर लिहिले असते का?